टेक्सासमधल्या ‘काँग्रेस’च्या निवडणुका (आपली काँग्रेस नव्हे!)

ब्राझोसकाठी (धागाकर्ता)

आधीच सांगून टाकतो, हा धागा पंजावाल्या काँग्रेसचा नाही. मागे एकदा नुसतं ‘काँग्रेसची निवडणूक’ लिहिलं, तर खाली पन्नास प्रतिसाद नेहरू-पटेलांवर पडले होते. इथली काँग्रेस म्हणजे अमेरिकेची संसद, खालचं प्रतिनिधिगृह आणि वरचं सिनेट. राज्य टेक्सास, काळ ढोबळमानाने १९०० ते १९६१. त्या साठ वर्षांत या राज्यात एकच पक्ष होता, डेमोक्रॅटिक. आज इथे रिपब्लिकनांची चलती आहे म्हणून नवीन आलेल्या पोरांना हे सांगितलं की ती हसतात.

मी ह्यूस्टनजवळ शुगरलँडला राहतो, फोर्ट बेंड काउंटीत (काउंटी म्हणजे आपला जिल्हाच समजा). आज या काउंटीत इतकी देशी वस्ती आहे की गणपतीत मोदकांचं पीठ वेळेवर नाही घेतलं तर संपतं. २००९ साली नवा आलो होतो, कसल्याशा कागदासाठी काउंटीच्या मुख्य गावी, रिचमंडला जावं लागलं. तिथे सिटी हॉलसमोर एक उंच संगमरवरी स्तंभ दिसला, वर पक्षी. मला वाटलं युद्धस्मारक असेल. जवळ जाऊन पाहिलं तर ‘जेबर्ड’. हे काय प्रकरण म्हणून घरी येऊन शोधलं आणि तेव्हापासून जो नाद लागला तो लागलाच. बायको म्हणते, इतका अभ्यास सिटिझनशिपच्या परीक्षेचा केला असतास तर.

तर जेबर्ड. यादवी युद्धानंतर या काउंटीत काळ्या लोकांची संख्या गोऱ्यांपेक्षा जास्त होती आणि त्यांना मताचा हक्क मिळाला होता. १८६९ साली वॉल्टर मोझेस बर्टन, जो स्वतः गुलाम म्हणून टेक्सासात आणला गेला होता, तो इथला शेरीफ म्हणून निवडून आला. पुढे राज्याच्या सिनेटातही गेला. बड्या गोऱ्या जमीनदारांना हे खुपत होतं. त्यांच्या गटाचं नाव जेबर्ड; काळ्या मतांवर निवडून येणाऱ्या गोऱ्या अधिकाऱ्यांच्या गटाला त्यांनी वुडपेकर, म्हणजे सुतारपक्षी, म्हणायला सुरुवात केली. नावं ऐकून पंचतंत्र वाटतं, पण १८८९च्या ऑगस्टात रिचमंडमध्ये भर रस्त्यात बंदुका चालल्या, माणसं मेली, गव्हर्नरला फौज घेऊन यावं लागलं. सुतारपक्षी गाव सोडून गेले. ऑक्टोबरात जेबर्डांनी आपली संघटना काढली आणि या संघटनेने पुढची चौसष्ट वर्षं स्वतःची खाजगी निवडणूक घेतली. सभासद फक्त गोरे. मे महिन्यात हे लोक आपापसात मतदान करून काउंटीच्या पदांसाठी माणसं ठरवायचे. तीच माणसं जुलैत डेमोक्रॅटिक पक्षाच्या प्रायमरीत, म्हणजे पक्षाचा उमेदवार ठरवणाऱ्या मतदानात, उभी राहायची, बहुतेक वेळा समोर कुणीच नसायचं. आणि नोव्हेंबरात सरकारी निवडणूक व्हायची, ती नुसती सही-शिक्क्यापुरती.

सगळ्या राज्याचं गणितही हेच होतं, फक्त एक पायरी कमी. काँग्रेसवर कोण जाणार हे नोव्हेंबरात ठरत नसे. ते जुलैच्या प्रायमरीत ठरे, आणि तिथे कुणाला निम्म्याहून जास्त मतं पडली नाहीत तर ऑगस्टात पहिल्या दोघांची पुन्हा लढत. आकडाच बघा. १९३८ला जुलैच्या प्रायमरीत गव्हर्नरपदासाठी अकरा लाखांवर मतं पडली. नोव्हेंबरात, म्हणजे ज्याला आपण निवडणूक म्हणतो तिथे, त्याच्या निम्मीही नाहीत. लोक खुळे नव्हते, कुठे मत दिलं की फरक पडतो हे त्यांना बरोबर कळत होतं.

आमच्याकडे म्हणायचे ना, दगडाला शेंदूर फासून तिकीट दिलं तरी निवडून येईल? इथे त्याला ‘यलो डॉग डेमोक्रॅट’ म्हणत. पिवळं कुत्रं उभं केलं तरी त्यालाच मत, पण रिपब्लिकनाला नाही.

आता खरी निवडणूक प्रायमरी असेल तर ज्याला प्रायमरीत शिरू दिलं नाही त्याला मतच नाही, मग घटनेत काहीही लिहिलेलं असो. टेक्सासने नेमकं तेच केलं. १९०२ला पोल टॅक्स, म्हणजे मत द्यायचं तर भरायचा कर, आणला. काउंटीचं धरून पावणेदोन डॉलर, आणि तो भरायचा जानेवारी संपायच्या आत. जुलैत उमेदवार कोण असेल हे माहीत नसताना जानेवारीत पैसे भरा आणि पावती सहा महिने जपून ठेवा. गरीब गोरे, मेक्सिकन, काळे, सगळे त्यात गळाले. वर १९२३ला विधिमंडळाने सरळ कायदाच केला की डेमोक्रॅटिक प्रायमरीत काळ्या माणसाला मत देता येणार नाही.

पार पश्चिमेला, एल पासोला, लॉरेन्स निक्सन नावाचे काळे डॉक्टर होते. २६ जुलै १९२४ला ते पोल टॅक्सची पावती खिशात घालून मतदान केंद्रावर गेले. केंद्रावरचे लोक ओळखीचेच. ते म्हणाले, डॉक्टर, आम्ही तुम्हाला मत देऊ देऊ शकत नाही हे तुम्हाला ठाऊक आहे. निक्सन म्हणाले, ठाऊक आहे, पण मला प्रयत्न तर केलाच पाहिजे. नकार मिळाला, तोच हवा होता. त्यावर खटला भरला. १९२७ला सुप्रीम कोर्टाने एकमताने कायदा रद्द केला.

झालं? छे! टेक्सासने कायदा बदलला आणि म्हटलं, कोण मत देणार हे पक्षाची कार्यकारिणी ठरवेल. निक्सन पुन्हा गेले, पुन्हा नकार, पुन्हा खटला, १९३२ला पुन्हा जिंकले, या वेळी पाच विरुद्ध चार. मग पक्षाने राज्य अधिवेशनात ठराव केला की आमचे सभासद फक्त गोरे. पक्ष म्हणजे खाजगी क्लब, सरकारचा संबंध काय? ह्यूस्टनचे न्हावी आर. आर. ग्रोव्ही यांनी त्यावर खटला भरला, पण १९३५ला कोर्टाने एकमताने पक्षाची बाजू घेतली. दार पुन्हा बंद. शेवटी ह्यूस्टनचेच दातांचे डॉक्टर लॉनी स्मिथ यांचा खटला काळ्यांच्या हक्कांसाठी लढणारे वकील थर्गुड मार्शल यांनी लढवला, आणि ३ एप्रिल १९४४ला आठ विरुद्ध एक अशा निकालाने गोऱ्यांची प्रायमरी मोडली. खटल्याला कारण झालेलं मतदान काँग्रेसच्या उमेदवारांसाठीचंही होतं, हे इथे महत्त्वाचं. त्याच वर्षी जुलैत डॉ. निक्सन आणि त्यांची पत्नी जाऊन मत देऊन आले. पहिल्या नकाराला वीस वर्षं झाली होती.

आमचे जेबर्ड मात्र त्यानंतरही नऊ वर्षं चालू होते. आम्ही पक्षसुद्धा नाही, साधा क्लब आहोत, म्हणत. १९५३ला ‘टेरी विरुद्ध अ‍ॅडम्स’ खटल्यात तेही संपलं.

बाकी उरलेलं (पेटी नंबर तेरा!) प्रतिसादांत लिहितो. हात दुखले.

कोल्हापुरी_रस्सा

शीर्षकात कंस वाचूनसुद्धा पहिले दोन परिच्छेद ‘पंजा कधी येतो’ म्हणूनच वाचले. मस्त लिहिलंय. पेटी नंबर तेरा लवकर येऊ द्या.

साशंक

लेख छान, पण एक शंका. महाराष्ट्रात १९६२ला २६४ पैकी २१५ जागा काँग्रेसच्या होत्या. इथेही तिकीट मिळालं की गुलाल. मग टेक्सासचं वेगळं काय? एकपक्षीय राज्य सगळीकडे सारखंच.

ब्राझोसकाठी

@साशंक, एक मोठा फरक आहे. आपल्याकडे तिकीट वर ठरायचं. जिल्ह्याचा पुढारी मुंबईला, मुंबईचा दिल्लीला. मतदाराला तिकीटवाटपात कुणी विचारलं नाही. टेक्सासात तिकीट मतदार वाटत होता, सरकारी नियमांप्रमाणे, गुप्त मतदानाने. म्हणून तिथे मारामारी मतदार कोण यावर झाली, आणि मतं मोजतो कोण यावर. आपल्याकडे बंडखोर अपक्ष उभा राहायचा आणि कधीकधी निवडूनही यायचा. इथे प्रायमरी हरलेल्याला बंडखोरी करणं सोपं नव्हतं, कारण प्रायमरीतल्या मतपत्रिकेवरच प्रतिज्ञा छापलेली असे, की मी डेमोक्रॅट आहे आणि पक्षाच्या उमेदवाराला पाठिंबा देईन.

दुसरं म्हणजे आपल्याकडे शेकाप होता, समाजवादी होते, कम्युनिस्ट होते, आणि १९५७ला संयुक्त महाराष्ट्र समितीने पश्चिम महाराष्ट्रात घाम फोडला होता. टेक्सासात दुसरं दुकानच उघडं नव्हतं. १९५२ची गंमत ऐका. रिपब्लिकन पक्षाने राज्यातले जवळजवळ सगळे डेमोक्रॅटिक उमेदवारच आपले उमेदवार म्हणून जाहीर केले. सिनेटला प्राइस डॅनियल दोन्ही पक्षांकडून. एकट्या कृषी आयुक्ताने, जॉन व्हाइटने, नकार दिला, मी फक्त डेमोक्रॅट म्हणाला.

रानजाई

दादा, तुमच्या लेखात बायका कुठेच नाहीत म्हणून मी भर घालते. डॅलसला असताना वाचलेलं आहे. टेक्सासात बायकांना मताचा हक्क देशाच्या आधी, १९१८ला मिळाला, पण फक्त प्रायमरीत! कारण पूर्ण हक्कासाठी राज्यघटना बदलावी लागली असती आणि त्यावर (पुरुषांचं) सार्वमत घ्यावं लागलं असतं. प्रायमरीचे नियम मात्र विधिमंडळाच्या साध्या कायद्याने बदलता येत होते. बायकांच्या पुढाऱ्यांनी बरोबर हेरलं, की खरी निवडणूक तर प्रायमरीच आहे, मग तीच द्या. नोंदणीला सतरा दिवस मिळाले आणि ३,८६,००० बायकांनी नाव नोंदवलं. सतरा दिवसांत! तेव्हा ना गाडी प्रत्येकाकडे, ना फोन. पुढच्या वर्षी पूर्ण हक्कासाठी सार्वमत घेतलं तर पुरुषांनी ते पाडलं, म्हणजे वळसा घालून आल्या तेच बरोबर होतं.

अर्थात हा हक्कही गोऱ्या बायकांच्या पदरात जास्त पडला. काळ्या बायकांना नोंदणीच्या ऑफिसातून बऱ्याच ठिकाणी परत पाठवलं.

ब्राझोसकाठी

रानजाई, हे मूळ लेखात यायला हवं होतं. दंडवत.

कोल्हापुरी_रस्सा

तेरा नंबर! तेरा नंबर!

ब्राझोसकाठी

बरं बाबा. पण तेराच्या आधी १९४१ घ्यावं लागेल, नाहीतर मजा कळणार नाही.

एप्रिल १९४१ला सिनेटर मॉरिस शेपर्ड वारले. गव्हर्नर होते डब्ल्यू. ली ओडॅनियल, लोकांचे ‘पॅपी’. हा मूळ पिठाचा विक्रेता. रेडिओवर बँड घेऊन पिठाची जाहिरात करता करता राज्यभर इतका लाडका झाला की १९३८ला गव्हर्नरकीला उभा राहिला आणि पहिल्याच फेरीत निवडून आला. गंमत म्हणजे पोल टॅक्स भरलाच नव्हता, त्यामुळे त्याला स्वतःला स्वतःला मत देता आलं नाही. आता सिनेटची जागा त्यालाच हवी होती. पोटनिवडणूक होईपर्यंत कुणाला तरी नेमायचं होतं आणि नेमलेला माणूस पुढे प्रतिस्पर्धी व्हायला नको. म्हणून पॅपीने टेक्सासच्या स्वातंत्र्ययुद्धाचा नायक सॅम ह्यूस्टन याच्या मुलाला, अँड्र्यू जॅक्सन ह्यूस्टनला नेमलं. वय ८६. म्हातारबुवा वॉशिंग्टनपर्यंत पोचले, शपथ घेतली, आणि जूनच्या अखेरीस गेले.

पोटनिवडणुकीत पॅपीसमोर होता बत्तीस वर्षांचा खासदार लिंडन जॉन्सन, तोच जो पुढे राष्ट्राध्यक्ष झाला. मतदानाच्या रात्री जॉन्सन पाच हजारांनी पुढे होता. तिथे त्याने चूक केली. आपल्या हातातल्या दक्षिणेकडच्या काउंट्यांचे आकडे लवकर जाहीर होऊ दिले, त्यामुळे किती मतं कमी पडतात हे समोरच्यांना कळलं. पुढचे दोन-तीन दिवस पूर्व टेक्सासातून ‘दुरुस्त’ आकडे येत राहिले. शेवटी पॅपी १,३११ मतांनी विजयी. यात दारूवाल्यांचा हात होता असं बहुतेक इतिहासकार मानतात. त्यांना पॅपी आवडत होता म्हणून नव्हे. पॅपी दारूबंदीवाला, तो गव्हर्नरच्या खुर्चीत नको, म्हणून त्याला वॉशिंग्टनला पिटाळायचं होतं. तो गेला की लेफ्टनंट गव्हर्नर आपोआप गव्हर्नर होणार. त्याचं नाव कोक स्टीव्हन्सन. नाव लक्षात ठेवा.

१९४८. तीच सिनेटची जागा, पॅपी पुन्हा उभा राहिला नाही. आता जॉन्सन विरुद्ध तोच कोक स्टीव्हन्सन, दोघेही डेमोक्रॅट. जॉन्सन हेलिकॉप्टरमधून गावोगावी उतरत होता, लोक भाषणापेक्षा यंत्र बघायला जमत. पहिल्या फेरीत तरी स्टीव्हन्सन सत्तर हजारांवर मतांनी पुढे. पण निम्मी मतं नाहीत, म्हणून २८ ऑगस्टला दुसरी फेरी.

जवळपास दहा लाख मतं. मोजणी दिवसेंदिवस चालली, आघाडी इकडून तिकडे. गुरुवारी स्टीव्हन्सन पुढे होता, थोड्याशाच मतांनी. शुक्रवारी, ३ सप्टेंबरला, जिम वेल्स काउंटीतल्या अ‍ॅलिस गावातून एका केंद्राचा सुधारलेला आकडा आला. पेटी नंबर तेरा. जॉन्सनची मतं ७६५ नव्हे, ९६५. दोनशे वाढली. इंग्रजी सातला खालून एक वळसा दिला की नऊ होतो, आपल्या ७चा ९ करताना जरा कष्ट पडले असते.

अंतिम आकडे जॉन्सन ४,९४,१९१, स्टीव्हन्सन ४,९४,१०४. फरक ८७.

स्टीव्हन्सन स्वतः अ‍ॅलिसला गेला, बरोबर फ्रँक हॅमर, बॉनी आणि क्लाइड या दरोडेखोर जोडीला घेरून मारणारा तो जुना रेंजर, म्हणजे राज्याच्या खास पोलीस दलातला. यादी बँकेत कुलपात होती. रस्त्यावर बंदुका बाळगणारी माणसं उभी होती, हॅमरने त्यांना नुसतं बाजूला व्हायला सांगितलं आणि ती झाली. यादी थोडाच वेळ बघायला मिळाली, पण तेवढी पुरे होती. शेवटची दोनशे दोन नावं एकाच शाईत, एकाच हातची, आणि एबीसीडीच्या क्रमाने. मतदार रांगेत उभे राहिले तेही वर्णानुक्रमाने! त्यातल्या काहींना जाऊन विचारलं तर ते म्हणाले, आम्ही मत द्यायला गेलोच नव्हतो.

तिथली मतं होती जॉर्ज पारच्या मुठीत, शेजारच्या ड्यूव्हाल काउंटीचा ‘ड्यूक’. बापाकडून वारशाने आलेली सत्ता. मेक्सिकन मजुरांचा पोल टॅक्स हाच भरणार, पावत्या यांच्याकडेच, लग्न-मयताला मदत यांचीच, आणि मतदानाच्या दिवशी शिक्का सांगू तिथे. मराठवाड्यातल्या जुन्या गढीवरच्या माणसाला हे काही नवीन वाटणार नाही.

पक्षाच्या राज्य कार्यकारिणीने फोर्टवर्थला बसून निकाल मान्य केला, २९ विरुद्ध २८. कोर्टकचेरी झाली, एका फेडरल न्यायाधीशाने जॉन्सनचं नाव छापायला स्थगिती दिली, ती सुप्रीम कोर्टाच्या ह्यूगो ब्लॅकनी उठवली. नोव्हेंबरात जॉन्सनने रिपब्लिकन उमेदवाराला जवळपास दुप्पट मतांनी हरवलं. त्या दुपटीला कुणी विचारलं नाही, लक्षात राहिले ते सत्त्याऐंशी. ‘लँडस्लाइड लिंडन’ (म्हणजे प्रचंड मताधिक्याने आलेला!) नाव पडलं ते कायमचं.

जॉन्सन स्वतःच एक विनोद सांगायचा. एक मेक्सिकन पोरगा कट्ट्यावर बसून रडतोय. का रे? बाबा शनिवारी गावात आले होते आणि मला न भेटताच गेले. अरे, तुझे बाबा तर दोन-तीन वर्षांपूर्वी वारले! हो ना, पण लिंडन जॉन्सनला मत द्यायला आले होते, मला भेटले नाहीत.

कोल्हापुरी_रस्सा

ह्या एका प्रतिसादासाठी धागा वाचनखुणेत.

साशंक

स्टीव्हन्सन हा भोळा सांब होता असं चित्र उभं राहतंय. ते खरं नाही. आधीच्या निवडणुकांत हाच ड्यूक पार याच स्टीव्हन्सनला अशीच एकगठ्ठा मतं देत होता. तेव्हा त्याने यादी बघायला बँकेत कुणाला पाठवलं नव्हतं. पारच्या माणसाला सरकारी वकिलाची नेमणूक दिली नाही म्हणून बिनसलं, एवढंच. पूर्व टेक्सासातून त्याच्या बाजूनेही मतं ‘सुधारून’ येतच होती. चोरी दोघांची, एकाची सत्त्याऐंशीने जास्त.

ब्राझोसकाठी

@साशंक, मान्य. मीच जरा वाहवलो. आणि १९४१ला जे पॅपीने केलं तेच जॉन्सन शिकला: आपले आकडे शेवटी बाहेर काढायचे. एक भर घालतो. त्या केंद्रावरचा अधिकारी लुइस सालास याने १९७७ला, जॉन्सन आणि पार दोघेही वारल्यानंतर, मतं घातल्याची कबुली दिली. पण याच्यावरून ‘टेक्सासात सगळंच बनावट’ असं म्हणणारे भेटतात, ते नको. सॅम रेबर्न प्रतिनिधिगृहाच्या जागेसाठीची १९१२ची प्रायमरी ४९० मतांनी जिंकला आणि १९६१ला मरेपर्यंत तिथेच निवडून येत राहिला. स्पीकर म्हणून त्याच्याइतकी वर्षं कुणीच काढलेली नाहीत. दर दोन वर्षांनी जुलैत त्याला आपल्या कापूस पिकवणाऱ्या मतदारसंघात गावोगाव फिरावं लागायचंच. नोव्हेंबर त्याला आरामाचा.

ऑस्टिनची_सून

‘दुसरं दुकानच उघडं नव्हतं’ हे पटलं नाही. एक छोटी टपरी उघडी होती! आम्ही वीकेंडला फ्रेडरिक्सबर्गला जातो, पीच घ्यायला. तिथल्या डोंगराळ भागातली जर्मन गावं यादवी युद्धात दक्षिणेबरोबर नव्हती. कम्फर्ट गावात त्यांचं १८६६चं स्मारक आहे, जर्मनमधून लिहिलंय, ‘युनियनशी निष्ठा’. दक्षिणेच्या सैन्याने त्यांच्या लोकांना १८६२ला न्यूएसेस नदीकाठी मारलं होतं. तो राग तीन पिढ्या टिकला आणि ते रिपब्लिकनच राहिले. जर्मन घराण्यातलाच हॅरी वुर्झबाख १९२०ला सान अंतोनियोच्या मतदारसंघातून काँग्रेसवर निवडून आला. अख्ख्या टेक्सासात एकटा रिपब्लिकन. १९२८ला त्याला हरल्याचं जाहीर केलं, त्याने तक्रार केली, आणि १९३०च्या फेब्रुवारीत प्रतिनिधिगृहाने त्याला जागा परत दिली. म्हणजे घोटाळे तेव्हाही होतेच.

ब्राझोसकाठी

सूनबाई, तुम्ही धाग्याला सोनं लावलंत. वुर्झबाखचा मृत्यू तर टेक्सासपेक्षा देशाला महागात पडला, किंवा स्वस्तात, ज्याच्या त्याच्या पक्षाप्रमाणे. १९३०च्या निवडणुकीत प्रतिनिधिगृहात रिपब्लिकन २१८, डेमोक्रॅट २१६, एक तिसरा. पण तेव्हा निवडून आलेल्यांनी तेरा महिन्यांनी सभागृहात बसायचं, आणि तेवढ्यात चौदा जण वारले. त्यात ६ नोव्हेंबर १९३१ला वुर्झबाख. पोटनिवडणुकीत दक्षिण टेक्सासातल्या अवाढव्य किंग रँचच्या मालक घराण्यातला रिचर्ड क्लेबर्ग, डेमोक्रॅट, निवडून आला. डिसेंबरात सभागृह भरलं तेव्हा बहुमत डेमोक्रॅटांकडे, आणि स्पीकर झाला टेक्सासचाच जॉन नान्स गार्नर. क्लेबर्गने वॉशिंग्टनला जाताना सेक्रेटरी म्हणून एका तेवीस वर्षांच्या मास्तराला नेलं. लिंडन जॉन्सन!

यावरून माझ्या डोक्यात बरेच दिवस घोळतंय ते लिहितो. या राज्याच्या किल्ल्याला नोव्हेंबरात क्वचितच धक्का लागला, बऱ्याच मोठ्या चिरा पडल्या त्या पोटनिवडणुकीत. कारण पोटनिवडणुकीला प्रायमरी नसे. सगळे एकाच मतपत्रिकेवर, पक्षाची चाळणी नाही, आणि बरीच वर्षं सर्वांत जास्त मतं मिळाली की झालं, निम्मी लागत नव्हती. १९३७ला जॉन्सन पहिल्यांदा काँग्रेसवर गेला तो असाच, तिशीही न गाठलेला पोरगा, तीसेक टक्के मतांत. अपेंडिक्स दुखत होतं, निकालाच्या दिवशी इस्पितळात होता. १९५०ला पॅनहँडलमध्ये, म्हणजे राज्याच्या उत्तर टोकाला, बेन गिल हा रिपब्लिकन अशाच गर्दीतून निवडून आला, वुर्झबाखनंतरचा पहिला. नोव्हेंबरात रीतसर निवडणूक झाली आणि सहा महिन्यांत घरी. १९५७ला राल्फ यारबरो हा उदारमतवादी डेमोक्रॅट ३८ टक्क्यांत सिनेटर झाला. पक्षातले सनातनी इतके चवताळले की लगेच कायदा बदलला, आता पोटनिवडणुकीलाही निम्मी मतं हवीत.

पण त्या कायद्यानेही त्यांना वाचवलं नाही. १९६०ला जॉन्सन एकाच दिवशी दोन निवडणुका लढला, उपाध्यक्षपदाची आणि सिनेटची. दोन्ही जिंकला, सिनेट सोडलं. १९६१च्या पोटनिवडणुकीला ७१ उमेदवार! मतपत्रिका की पंचांग. निम्मी मतं कुणालाच नाहीत, म्हणून मेमध्ये दुसरी फेरी. रिपब्लिकन जॉन टॉवर, कॉलेजात शिकवणारा, बुटका; समोर डेमोक्रॅट विल्यम ब्लेकली, इतका कर्मठ की उदारमतवादी डेमोक्रॅटांना त्यापेक्षा टॉवर परवडला. काहींनी टॉवरला मत दिलं, काही त्या शनिवारी मासे पकडायला गेले. टॉवर १०,३४३ मतांनी आला. यादवी युद्धानंतरच्या पुनर्रचनेच्या काळापासूनचा टेक्सासचा पहिला रिपब्लिकन सिनेटर. त्याच वर्षी सान अंतोनियोच्या पोटनिवडणुकीतून हेन्री गोन्झालेझ निवडून आला, टेक्सासचा काँग्रेसमधला पहिला मेक्सिकन-अमेरिकन. किल्ल्याला एकाच वर्षात दोन बाजूंनी भगदाडं. काळ्या मतदारांच्या टेक्सासने आपला खासदार पाठवायला मात्र १९७२ उजाडलं, ह्यूस्टनच्या बार्बरा जॉर्डन.

रानजाई

पिवळ्या कुत्र्याची शपथ घेणाऱ्यांनी कंटाळून मासे पकडायला जाणं आणि राज्य बदलणं. आवडलंच.

साशंक

आता चाललंय ते काय वेगळं? १९९४नंतर राज्यभराच्या एकाही निवडणुकीत डेमोक्रॅट निवडून आलेला नाही. पाटी बदलली, खरी लढत आताही रिपब्लिकन प्रायमरीतच. ती तर आता मार्चमध्येच उरकतात.

ब्राझोसकाठी

@साशंक, खरं आहे, पण त्यावर वेगळा धागा काढा, इथे नको. आमच्या घरातच दोन पक्ष आहेत आणि रात्रीचं जेवण मला इथेच करायचंय.

कोल्हापुरी_रस्सा

काका, पेटी नंबर तेराचं पुढे काय झालं? ती यादी कुठे आहे?

ब्राझोसकाठी

यादी गायब. चौकशीला पेट्या उघडल्या तेव्हा ती नव्हती. एक फोटो मात्र आहे. जॉन्सन राष्ट्राध्यक्ष असताना त्याने तो स्वतः एका पत्रकाराला दाखवला. जुनी गाडी, भोवती पाच माणसं हसत उभी, आणि गाडीच्या नाकाडावर मतपेटी, तिच्यावर तेरा आकडा. पत्रकाराने विचारलं, कोण आहेत हे? जॉन्सन नुसता हसला.

मी मागच्या वर्षी कॉर्पस क्रिस्तीहून परतताना मुद्दाम वाकडी वाट करून अ‍ॅलिसला गेलो होतो. भर उन्हात गावात एक चक्कर मारली. टाको घ्यायला थांबलो तिथे गल्ल्यावरच्या मुलीला विचारलं, पेटी नंबर तेरा इथे कुठे होती गं? ती म्हणाली, मला माहीत नाही, आजोबांना विचारायला हवं, ते आतमध्ये आहेत. आतून एक म्हातारा हात पुसत आला. प्रश्न ऐकला, माझ्याकडे नीट पाहिलं आणि विचारलं, हिरवी चटणी हवी की लाल?